बाबा म्हणाले, "ही बाई खरं गातीय" – जुन्या जॅझ फिल्म्सबद्दल एक प्रश्न

क्लॅरिनेटकन्या

मंडळी, प्रश्न जरा वेगळा आहे, पण इथे जाणकार आहेत म्हणून विचारते. माझे बाबा चाळीस वर्षं लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचे, इचलकरंजी, जयसिंगपूर, पार चिकोडीपर्यंत सुपाऱ्या असायच्या. आता वय ७६, पुढचे दात गेले तेव्हापासून वाजवणं बंद झालं, कारण दाताशिवाय ओठाची पकडच बसत नाही.

दिवाळीत घरी गेले होते तेव्हा टॅबवर त्यांना दोन जुन्या छोट्या फिल्म्स दाखवल्या. पहिली १९२९ ची 'सेंट लुईस ब्लूज', ब्लूज गायिका बेसी स्मिथची, सोळाएक मिनिटांची. दुसरी १९४४ ची 'जॅमिन द ब्लूज', दहा मिनिटांची, सॅक्सोफोनवाला लेस्टर यंग वगैरे मंडळी. बाबांना इंग्रजी येत नाही, जॅझ हा शब्दही माहीत नाही. पहिली बघताना मांडीवर बोटं चालू झाली आणि म्हणाले, "ही बाई खरं गातीय बघ. तिथंच, त्याच टायमाला." दुसरी अर्धी झाल्यावर म्हणाले, "वाजवणारा लई पक्का आहे गं. पण हे आत्ता वाजत न्हाई. वाजवून झालंय आदीच."

मी म्हटलं कशावरून? तर म्हणे, "बोटं बघू नको, बोटं कुणीबी जुळवतंय. पोट बघ." बास, एवढंच.

तर प्रश्न दोन. बाबा बरोबर होते का? आणि त्यांना अजून काय दाखवू?

सुरपेटी

बाबांना आधी साष्टांग दंडवत. दोन्ही बरोब्बर!

'सेंट लुईस ब्लूज'चा आवाज चित्रीकरणाच्या वेळीच घेतलेला आहे. बेसी बारला टेकून उभी आहे, समोर ग्लास, आणि सुरुवातीला मागे वाद्य काहीच नाही, नुसता तिचा आवाज. मग हळूहळू पियानो आणि बँड येतो, पियानोवर जेम्स पी. जॉन्सन आहेत, आणि बारमधली गिऱ्हाईकं म्हणून टेबलांवर बसवलेली माणसं हा खरं तर पूर्ण कोरस आहे. ते गायला लागतात तेव्हा अंगावर काटा येतो. बेसी स्मिथचं हलतंबोलतं चित्रण म्हणून एवढी एकच फिल्म माहीत आहे, बाकी सगळं रेकॉर्डवर. १९३७ मध्ये मिसिसिपीत मोटार अपघातात गेली.

'जॅमिन द ब्लूज'मध्ये मात्र संगीत आधी मुद्रित केलं आणि मग ते लावून वादकांकडून पुन्हा वाजवल्यासारखं करून घेतलं. त्यांनी स्वतःच वाजवलेलं आहे, त्यामुळे बोटं जुळतात. पोटाचं म्हणाल तर मी हे शंभर वेळा बघितलंय आणि एकदाही तिकडे लक्ष गेलं नाही. आज बघतो.

कट्ट्यावरचा

"पोट बघ" हे आता आमच्या घरचं ब्रीदवाक्य. धाग्यावर लक्ष ठेवून आहे.

रीळवाला

माझा प्रांत जॅझ नव्हे, पण रीळ हा आहे. लहानपणी मामाच्या टूरिंग टॉकीजमध्ये जत्रेत मशीनवर हाताखाली असायचो, बार्शी-करमाळा भागात. म्हणून थोडं सांगतो.

१९२६ पासून हॉलिवूडच्या वॉर्नर कंपनीने जी व्हिटाफोन पद्धत आणली तिच्यात फिल्मवर आवाजच नसायचा. आवाज वेगळ्या तबकडीवर, ती सोळा इंची, मिनिटाला ३३ १/३ फेरे, आणि सुई बाहेरून आत नाही तर आतून बाहेर जायची. प्रोजेक्टर आणि तबकडी एकाच मोटरवर. ऑपरेटरने फिल्मवरची खूण गेटमध्ये लावायची, तबकडीवरच्या बाणाच्या खुणेवर सुई ठेवायची आणि मग सुरू. हजार फुटांचं रीळ अकराएक मिनिटं चालायचं आणि तबकडीही तेवढीच, म्हणून या फिल्म्स साधारण दहा मिनिटांच्या.

आता गंमत बघा. आमच्या तंबूत फिल्म तुटली की आम्ही दोन टोकं खरवडून फिल्म चिकटवायचं सिमेंट लावून जोडायचो, चार फ्रेम गेल्या तरी पब्लिकला कळत नसे, आवाज त्याच पट्टीवर असल्यामुळे तोही तेवढाच कापला जायचा. व्हिटाफोनमध्ये तसं चालत नाही. चार फ्रेम गेल्या की तिथून पुढे माणूस आधी तोंड उघडणार आणि आवाज मागून येणार. म्हणून जेवढ्या फ्रेम गेल्या तेवढी काळी फिल्म मोजून मध्ये घालायची. त्या ऑपरेटरांना माझा नमस्कार. तेव्हा क्लॅरिनेटकन्या, जुन्या फिल्ममध्ये आवाज मागेपुढे दिसला तर लगेच वादकाला खोटं ठरवू नका, कधीकधी दोष सांध्याचा असतो. तुमची बेसी स्मिथही व्हिटाफोनचीच असणार.

जर्सीचा_पक्या

रीळवाला, मस्त माहिती, पण शेवटच्या वाक्याला विरोध. 'सेंट लुईस ब्लूज' फोटोफोनवर आहे, आरसीएची पद्धत, आवाज फिल्मच्याच कडेला. डडली मर्फी दिग्दर्शक. त्याच वर्षी त्यानेच पियानोवादक आणि बँडप्रमुख ड्यूक एलिंग्टनला घेऊन 'ब्लॅक अँड टॅन' केली, एकोणीस मिनिटांची.

आणि फिल्मवर आवाज ही काही १९२९ ची नवलाई नाही. ली डी फॉरेस्टने १९२३ च्या एप्रिलमध्ये न्यूयॉर्कच्या रिव्होली थिएटरात आपली फोनोफिल्म ही पद्धत लोकांना दाखवली होती, आणि नोबल सिसल व यूबी ब्लेक या जोडीची छोटी फिल्म त्याच काळातली. म्हणजे बोलपटांची सुरुवात म्हणून गाजलेल्या 'जॅझ सिंगर'च्या चार वर्षं आधी दोन कृष्णवर्णी कलाकार पडद्यावर गातवाजवत होते. लोकांच्या लक्षात मात्र 'जॅझ सिंगर'चा ऑक्टोबर १९२७ राहिला.

व्हिटाफोनबद्दल एक भर. फिल्म एकीकडे, तबकडी दुसरीकडे, त्यामुळे पुढे फारकत झाली. फिल्म अर्काईव्हमध्ये मुकी पडून, तबकडी कुणाच्या तरी तळघरात. १९९१ मध्ये काही रेकॉर्ड जमवणाऱ्यांनी व्हिटाफोन प्रोजेक्ट सुरू केला, जगभरच्या हौशी लोकांकडे कुठली तबकडी आहे ते शोधायचं आणि तिची फिल्म गाठून लग्न लावायचं. अशा कितीतरी जोड्या लागल्या.

रीळवाला

@पक्या, बरोबर, फोटोफोन मान्य, घाईत लिहिलं. मग तिथे आवाज चित्राच्या वीसएक फ्रेम पुढे छापलेला असतो, कारण मशीनमध्ये आवाजाचं डोकं भिंगाच्या खाली असतं. मध्ये फिल्मचा वेढा कमीजास्त झाला की पुन्हा तोंड एकीकडे आवाज एकीकडे. मामा वेढा बोटांनी मोजायचा.

वादी_संवादी

मला एक कळत नाही, आधी रेकॉर्ड करून नंतर चित्रीकरण केलं तर एवढं काय बिघडलं? सगळे बेसीच्या बाजूने बोलताय म्हणून जरा दुसरी बाजू मांडतो.

१९२८-२९ मध्ये कॅमेऱ्याच्या खडखडाटामुळे तो आवाजबंद खोक्यात ठेवायचे, कॅमेरामनसकट, आत उकडून निघायचा बिचारा. कार्बनचे दिवे गुणगुणतात म्हणून तेही बदलले. अशा खोक्यातून काय दिसणार? बँड समोर ओळीत उभा, कॅमेरा समोर ठोकलेला. बहुतेक व्हिटाफोन बँड फिल्म्स म्हणजे शाळेच्या गॅदरिंगचा ग्रुप फोटो.

आणि आता 'जॅमिन द ब्लूज'ची सुरुवात आठवा. काळ्या पडद्यावर दोन गोल वर्तुळं, एकात एक, काय आहे कळत नाही. मग ती हलतात, वर होतात, आणि लक्षात येतं की ही टोपी आहे, वरून बघितलेली, आणि तिच्याखालून लेस्टर यंगचा चेहरा येतो, सिगारेटचा धूर. हे करणारा ग्यॉन मिली मूळचा फोटोग्राफर, 'लाइफ' मासिकाचा. प्रकाशासाठी त्याने जे केलं ते जागेवर आवाज घेत बसला असता तर जमलंच नसतं. ऑस्करचं नामांकनही मिळालं त्या फिल्मला. तेव्हा बाबांचं निदान अचूक आहे याबद्दल वादच नाही, पण "आधी वाजवून झालंय" हा दोष नव्हे.

सुरपेटी

@वादी_संवादी, दोष कुणीच म्हटलेलं नाही हो. बाबाच म्हणाले की वाजवणारा लई पक्का आहे :)

पण त्या फिल्ममधली एक गोष्ट मला टोचते. गिटारवर बार्नी केसेल आहे, सगळ्यांत एकटा गोरा. काळे आणि गोरे एकत्र वाजवताना दिसले तर दक्षिणेकडची थिएटरं फिल्म घेणार नाहीत म्हणून त्याला सावलीत बसवला आणि हाताचा क्लोजअप होता तिथे हातांना बेरीचा रस चोळून रंग गडद केला. फिल्म घडवून आणणाऱ्यांपैकी नॉर्मन ग्रँझने भांडून त्याला फिल्ममध्ये ठेवला हे खरं, पण ठेवला तो अंधारात. एकदा हे कळलं की त्या सुंदर सावल्या पहिल्यासारख्या दिसत नाहीत.

मेघना_ती

मी या फिल्म्स वेगळ्या कारणाने बघितल्या, आणि तेही कुणीतरी लिहायला हवं. 'सेंट लुईस ब्लूज'मध्ये तिचा प्रियकर जिमी बेसीला जमिनीवर ढकलून निघून जातो आणि ती तिथे पडल्यापडल्या गायला लागते. सहा वर्षांनी एलिंग्टनची 'सिंफनी इन ब्लॅक' आली, १९३५, त्यात गायिका बिली हॉलिडे पहिल्यांदा पडद्यावर, वय जेमतेम विशीचं, तीही पुरुषाने रस्त्यावर ढकललेली, तीही पडून गाते. 'ब्लॅक अँड टॅन'मध्ये फ्रेडी वॉशिंग्टन हृदय अधू असताना नाचते आणि मरते. नाचाची जमीन आरशासारखी, तिचं प्रतिबिंब खाली, बघायला अप्रतिम. पण तिघींपैकी एकही उभी राहत नाही शेवटी.

आवाज मात्र कुणाचाच पडलेला नाही. बेसीचा तर नाहीच.

कोल्हाटी_आळी

मेघनाताई, तुमच्या प्रतिसादावरून लिहावंसं वाटलं. माझी आजी तमाशात होती, तेव्हा मला ट्रंपेटवाल्या लुई आर्मस्ट्राँगची १९३२ ची 'अ रॅप्सडी इन ब्लॅक अँड ब्लू' बघताना जे झालं ते इथे लिहितो.

गोष्ट अशी की एक माणूस घरी आर्मस्ट्राँगच्या रेकॉर्डी ऐकत भांडी बडवत असतो, बायको डोक्यात मॉप घालते, तो बेशुद्ध पडतो आणि स्वप्नात जॅझमेनियाचा राजा होतो. दरबारात आर्मस्ट्राँग वाजवतो, अंगावर चित्त्याचं कातडं, पायाखाली साबणाचा फेस. १९३२ म्हणजे त्याच्या रेकॉर्डी जगभर पोचलेल्या होत्या आणि पडद्यावर त्याला जंगली माणूस करून उभा केलाय.

मी पहिल्यांदा बंद केली. रागाने. मग आजीचं आठवलं. ती म्हणायची, मालक लुगडं कसलं देतो, वग कसला लावतो ते आपल्या हातात नाही, सूर आपल्या हातात. पुन्हा लावली. तो माणूस त्या कातड्यात उभा राहून असं काही वाजवतो की दोन मिनिटांनी कातडं दिसेनासं होतं. ज्याने ते नेसवलं तो लहान दिसायला लागतो.

वादी_संवादी

@कोल्हाटी_आळी, प्रतिसाद फार आवडला. फक्त एक, कातडं दिसेनासं होतं हे मला नाही जमलं. मला ते शेवटपर्यंत दिसत राहिलं, आणि दिसत राहावं असंच वाटतं.

कोल्हाटी_आळी

तेही खरंच आहे.

मडगांवकर

उशिरा आलों धाग्यावर. सगळे अमेरिकेत फिरतायत म्हणून जरा घराकडची गोष्ट सांगतो.

मुंबईत ताजमध्ये १९३५ ला लिऑन ॲबीचा बँड आला, कृष्णवर्णी अमेरिकनांचा, मग टेडी वेदरफोर्ड पियानोवाला. त्यांच्या आजूबाजूला आणि त्यांच्यानंतर जे वाजवत होते ते आमचे गोंयकार. गावच्या चर्चच्या शाळेत मेस्त, म्हणजे संगीतमास्तर, सोलफेज (स्वर वाचून गाणं) शिकवायचा, व्हायोलिन नाहीतर ट्रंपेट हातात द्यायचा, नोटेशन वाचता येणारा पोरगा मुंबईला बोटीने जायचा आणि धोबीतलावच्या क्लबात उतरायचा. माझे आजोबाही तसेच गेले, व्हायोलिन घेऊन.

त्यातलेच चिक चॉकलेट, म्हणजे आल्दोनचे अंतोनियो शावियर वाझ, त्यांना इकडचा लुई आर्मस्ट्राँगच म्हणायचे. ते दिसतात कुठे माहितीये? 'अलबेला'त, १९५१. सी. रामचंद्रांचं संगीत, भगवानदादा समोर नाचतायत आणि बँडात चिक आणि त्यांची माणसं. हिंदी सिनेमात बाकी शेकडो गोंयकार वाजले पण पडद्यावर ट्रंपेट हातात धरून हिरोच! तेव्हा क्लॅरिनेटकन्या, बाबांना 'अलबेला' दाखवा आणि पोट बघायला सांगा. अर्थात ते प्लेबॅकच, पण निदान वाजवणाऱ्याच्याच हातात वाद्य आहे.

कट्ट्यावरचा

'अलबेला'तली गाणी वरातीत वाजवली नाहीत असा बँडवाला महाराष्ट्रात सापडणार नाही. बाबांना दाखवायची काय, बाबा तुम्हाला वाजवून दाखवतील.

सुरपेटी

अवांतर: आपल्याकडेही प्लेबॅक यायच्या आधी सगळं जागेवरच होतं. 'अयोध्येचा राजा' १९३२ ची, गोविंदराव टेंबे आणि दुर्गाबाई खोटे स्वतः गातायत, साथीदार कॅमेऱ्याच्या नजरेआड. प्लेबॅक आला १९३५ च्या सुमारास कलकत्त्याहून. म्हणजे तीनचार वर्षांची एक फट आहे ज्यात पडद्यावर जे दिसतं तेच ऐकू येतं. बाबांना तीही लावा.

कोकणकडा_७

बाबांसाठी पियानोवाला फॅट्स वॉलर सुचवतो. १९४१ मध्ये केलेल्या तीन-तीन मिनिटांच्या फिल्म्स आहेत, त्यांना साउंडीज म्हणायचे. बार-हॉटेलात पॅनोरम नावाचं कपाटाएवढं मशीन असायचं, दहा सेंटचं नाणं टाकलं की एक गाणं. आठ गाणी एका रिळावर, आपल्याला निवडता येत नाही, जे पुढे असेल ते बघायचं.

एक घोळ मात्र आहे. मशीनमध्ये आरसे वापरून चित्र पडद्यावर पाडायचे, म्हणून फिल्मच उलटी छापायचे. काही कॉप्या तशाच उलट्या नेटवर आल्यात. मी दोन महिने एका गिटारवाल्याला डावखुरा समजून मित्रांना सांगत होतो. मग एकदा कोटाची बटणं उलट्या बाजूला दिसली. पियानो असेल तर सोपं, ढोल्या, म्हणजे खर्जाच्या सुरांची बाजू वाजवणाऱ्याच्या उजव्या हाताला दिसली की समजायचं चित्र उलटं आहे.

जर्सीचा_पक्या

@कोकणकडा, साउंडीजमध्येही आवाज आधी आणि चित्र नंतर, म्हणजे बाबा पुन्हा पकडणार. वॉलर मात्र भुवया आणि डोळ्यांनीच अर्धं वाजवतो, त्यामुळे पोटाकडे लक्ष जाईल का शंका आहे.

आणि ज्यांचं चित्रण जवळजवळ नाहीच त्यांचं काय? कॉर्नेट वाजवणारा बिक्स बायडरबेक २८ व्या वर्षी गेला, १९३१ मध्ये. पॉल व्हाइटमनच्या बँडची १९२८ ची एक न्यूजरील आहे, त्यात तो मागच्या ओळीत काही क्षण उभा राहून वाजवताना दिसतो. एवढंच. लोक ते थांबवून थांबवून बघतात.

वादी_संवादी

न्यू ऑर्लिन्सच्या अगदी सुरुवातीच्या जॅझवाल्या बडी बोल्डनचा तर आवाजही नाही. आपल्याकडे भास्करबुवा बखल्यांचं नाव घेतात ना तसं, नुसतं ऐकणाऱ्यांनी सांगितलेलं. म्हणून काही क्षण असले तरी थांबवून बघावेसे वाटतात.

क्लॅरिनेटकन्या

सगळ्यांचे मनापासून आभार. शनिवार-रविवार घरी होते, यादी घेऊन गेले. बाबांनी जे सांगितलं ते जसंच्या तसं लिहिते.

आधी पोटाचं. मी पुन्हा विचारलं तेव्हा त्यांनी हात धरून माझ्याच बरगडीखाली ठेवला आणि म्हणाले फुंक. "सूर निघायच्या आदी हितं हलतं. खरं वाजवणाऱ्याचं आदी भरतं, मग सूर. नुसतं दाखवणाऱ्याला सूर आयता येतोय, तो ऐकून मग छाती फुगवतोय. उलटं व्हतंय." बेसीबद्दल म्हणाले, "तिचा दम शब्दाच्या आदी येतोय, आणि संपतोय तिथं खांदं पडत्यात."

आर्मस्ट्राँगची चित्त्याच्या कातड्याची नाही दाखवली, कोल्हाटी_आळी, मला धीर झाला नाही. त्याऐवजी त्याची १९३३ ची कोपेनहेगनची लावली, तीन गाणी सलग, समोर बँड आणि तो एका हातात रुमाल घेऊन. बाबा उठून टॅबच्या जवळ जाऊन बसले. हे खरं, म्हणाले, लगेच. आणि रुमालाचं कारणही सांगितलं, ओठ घामाने ओला झाला की माउथपीसवर घसरतो, वरचा सूर फुटतो. त्यांचाही रुमाल असायचा, आई रोज धुवायची. मी तो घाम पुसायचा समजत होते.

'अलबेला' लावायची गरजच पडली नाही. नाव काढलं आणि बोटं सुरू.

मग 'ब्लॅक अँड टॅन'. सुरुवातीला एलिंग्टन खोलीत पियानोवर आणि एक ट्रंपेटवाला, सराव चाललाय, ट्रंपेटच्या तोंडाला आवाज दाबणारं म्यूट. तेवढ्यात दोघंजण येतात पियानो उचलून न्यायला, हप्ते थकलेत म्हणून. बाबा एकदम सरळ बसले. ती फ्रेडी वॉशिंग्टन त्यांना दारूची बाटली देते आणि सांगते, जाऊन सांगा घरी कोणी नव्हतं. ते बाटली घेऊन निघून जातात.

बाबांनी तिथेच थांबवायला सांगितलं. मला हे माहीतच नव्हतं, मी तेव्हा दोन वर्षांची होते म्हणे. क्लॅरिनेट हप्त्याने घेतलेलं, लग्नसराई पावसाने बुडाली, तीन हप्ते राहिले, आणि एक माणूस दारात आला आणि पेटीसकट घेऊन गेला. पुढच्या सीझनला बाबांनी दुसऱ्याच्या वाद्यावर वाजवलं, निम्म्या पैशात.

मी विचारलं, मग आई काही बोलली नाही त्याला?

म्हणाले, "चहा ठेवला की तिनं. पण आमच्याकडं आलेला तो काहीच घेत नव्हता."

रीळवाला

बाबांना नमस्कार सांगा. पुढच्या वेळी 'अयोध्येचा राजा' लावाल तेव्हा इथे कळवा.

क्लॅरिनेटकन्या

नक्की. संक्रांतीला जाणार आहे.